तिने न घेतलेलं चुंबन

पडद्यावरची नवरी एक पाऊल पुढे आली, तिने नवऱ्याची कॉलर धरली आणि त्याचं चुंबन घेतलं. नऊ सेकंद. ऑलिव्हरने पॉज केलं आणि खुर्चीत मागे रेलून आमच्याकडे पाहिलं.

"ब्युटिफुल, नाही?"

"लव्हली," ग्रॅहम म्हणाला. ग्रॅहम आमच्या लॅबचा मॅनेजर. ऑलिव्हर क्लायंट. तिसरा मंदार होता, आमचा सॉफ्टवेअरवाला. तो टेबलाकडे बघत बसला होता.

मी त्या नवरीला चार महिने ओळखत होते. तिची पाचही रिळं फूट न् फूट माझ्या हाताखालून गेली होती. तिने हे चुंबन घेतलंच नव्हतं. असा शॉट त्या फिल्ममध्ये नव्हता.

"हे कुठून आलं?" मी विचारलं.

"एआय," ऑलिव्हर म्हणाला. "मंदारने बनवलं. तिथे फिल्म तुटलेली होती, एकदम उडी मारत होती. आणि रोमँटिक कॉमेडीत शेवटी किस नाही म्हणजे काय? लोकांना चुकल्यासारखं वाटेल."

"ही अभिनेत्री जाऊन किती वर्षं झाली असतील. तिला कुणी विचारलं?"

ऑलिव्हर हसला. त्याला वाटलं, मी विनोद केला.

मी नॉटिंगहॅमच्या एका छोट्या लॅबमध्ये फिल्म कॉन्झर्व्हेटर आहे. म्हणजे जुनी फिल्म हाताने तपासायची, कडेची फाटलेली भोकं नीट करायची, सुटलेले जोड पुन्हा चिकटवायचे आणि मग ती स्कॅनरवर पाठवायची. हे काम मी पुण्यात शिकले आणि इथे एकोणीस वर्षं करते आहे. स्कॅन झालं की पुढचं सगळं कॉम्प्युटरवर होतं. धूळ, ओरखडे, डाग सॉफ्टवेअर शोधतं आणि पुसतं. तो विभाग मंदारचा. मंदार नागपूरचा, माझ्यापेक्षा वीसेक वर्षांनी लहान, वर्क व्हिसावर आलेला.

ही फिल्म शंभर वर्षांपूर्वीची, जर्मन, मूक आणि विनोदी. नायिका एका लॉन्ड्रीची मालकीण आहे. लॉन्ड्री तिची स्वतःची, चांगली चालणारी. तिच्याशी लग्न करायला तिघे टपलेले असतात: एक निवृत्त सार्जंट, एक दाताचा डॉक्टर आणि एक बॅंडमध्ये भलंमोठं पितळी वाद्य वाजवणारा. खरं तर तिघांचाही डोळा लॉन्ड्रीवर. ती तिघांना सांगते, एकेक सोमवार माझ्याकडे कपडे धुवा, मग बघू. सार्जंट स्टार्चच्या टबात पडतो आणि वाळल्यावर त्याला गुडघे वाकवता येत नाहीत. डॉक्टर इस्त्री करताना स्वतःचीच शर्टाची बाही जाळतो. वाजवणारा तेवढा टिकतो. शेवटच्या रिळात त्याचं आणि तिचं सरकारी कचेरीत लग्न लागतं. अधिकारी काहीतरी वाचतो, नवरी नवऱ्याकडे वळून काहीतरी बोलते आणि मग इंग्रजी पाटी येते: 'मी सदैव तुमच्या आज्ञेत राहीन.' पाटी गेली की एकदम दोघं बाहेर पायऱ्यांवर, लोक फुलं टाकताहेत. समाप्त.

चार रिळं कपडे धुवायला लावणारी ही बाई शेवटी आज्ञेत राहीन म्हणते, हे मला पहिल्या दिवसापासून खटकत होतं. पण खटकणं हा पुरावा नव्हे. म्हणून मी गप्प होते.

आमच्याकडे आलेली कॉपी इंग्लंडमध्ये दाखवली गेलेली होती. त्या काळी मूक फिल्म परदेशात गेली की तिथला वितरक मूळ भाषेतल्या पाट्या कापून आपल्या भाषेतल्या चिकटवायचा. कात्री आणि डिंक, बस. कापताना आणखी काय कापायचं, हेही तोच ठरवायचा. त्याला विचारणारं कुणी नव्हतं.

त्या मीटिंगमध्ये चुंबनानंतर पायऱ्यांवरचा शॉट आला आणि माझ्या लक्षात आलं की नवऱ्याचा हातमोजा पांढराशुभ्र आहे. माझ्या आठवणीत त्या मोज्यावर बोटांपाशी काळा डाग होता. चांगला रुपयाएवढा.

मी पाचवं रीळ थंड खोलीतून बाहेर काढलं. त्या काळची फिल्म नायट्रेटची असते. ती पटकन पेट घेते, म्हणून थंडीत ठेवावी लागते, आणि बाहेर काढल्यावर लगेच डबा उघडला तर तिच्यावर पाणी धरतं. म्हणजे एक दिवस थांबणं आलं. तो दिवस मी कसा काढला, ते माझ्या नवऱ्याला विचारा.

दुसऱ्या दिवशी सकाळी लाइट टेबलवर रीळ पसरलं. मोज्यावर डाग होता. प्रत्येक फ्रेममध्ये, त्याच जागी, हाताबरोबर हलणारा. फिल्मवरची घाण एका जागी चिकटून राहत नाही. एका फ्रेमला असते, पुढच्या फ्रेमला नसते. हा डाग मोज्यावरच होता. शाई होती ती. नवऱ्याने आतमध्ये कशावर तरी सही केली होती आणि ती करताना तो इतका घाबरला होता की मोजा शाईत बुडाला होता. तो विनोद होता. आमच्या सॉफ्टवेअरने तो घाण समजून पुसला होता.

मग मी मागे गेले, आज्ञेच्या पाटीच्या जोडापाशी. भिंग लावलं. जोडाच्या अलीकडे दोन फ्रेम होत्या, काळ्या, त्यावर पांढरी जर्मन अक्षरं. कापणाऱ्याच्या हातून राहिलेल्या. मूळ पाटीचा एवढाच तुकडा उरला होता. अर्ध्या भागावर वाळलेला डिंक होता. जेवढं दिसत होतं ते फोनवर टाकून पाहिलं: 'एर्स्ट उंटर'. फोन म्हणाला: 'आधी खाली'. ह्याला काही अर्थ नव्हता.

पण या जागी वेगळी पाटी होती, एवढं नक्की झालं. आणि नवरी 'आज्ञेत राहीन' म्हणत नव्हती, हेही.

आता माझी चूक सांगते. चार महिन्यांपूर्वी तपासणीच्या कागदावर या जोडापुढे मीच लिहिलं होतं: 'ठीक'. पाचवं रीळ ग्रॅहमने एका दुपारात संपवायला सांगितलं होतं. जोड मजबूत आहे का, एवढंच मी बोटाने दाबून पाहिलं. त्याच्या शेजारी काय आहे, ते पाहिलं नाही. रागाची सुरुवात स्वतःपासून झाली. पण राग तिथे थांबला नाही.

मंदार किचनमध्ये डबा गरम करत होता.

"पाचव्या रिळात दोन काळ्या फ्रेम आहेत. तुझ्या फाइलमधून त्या कुठे गेल्या?"

"कुठल्या? ताई, सॉफ्टवेअर असले फ्लॅश फ्रेम डॅमेज म्हणून दाखवतं. शेजारच्या फ्रेमवरून नवीन बनवून टाकतं."

"तू बघितल्यास?"

त्याने मायक्रोवेव्हचं दार बंद केलं. "हजारो फ्लॅग येतात. मी सिलेक्ट ऑल केलं आणि ओके म्हटलं."

"आणि ते चुंबन? तेही सिलेक्ट ऑल?"

"तुम्ही माझ्यावर का ओरडताय? मला मेल आली, नऊ सेकंद किस हवा. मी बनवला."

"मंदार, त्या बाईच्या चेहऱ्यावर तू असं काही केलंस जे तिने केलं नव्हतं. ज्या जागी ती काहीतरी दुसरंच सांगत होती, त्याच जागी. तुझ्या बायकोचा फोटो घेऊन कुणी असं केलं तर?"

त्याचा चेहरा लाल झाला. "वैशालीताई, तुमच्याकडे इथला पासपोर्ट आहे. तुमची नोकरी गेली तर तुम्ही घरी बसून दुसरी शोधाल. माझी गेली तर दोन महिन्यांत दुसरी मिळवा, नाहीतर देश सोडा. बायको आत्ता कुठे जॉबला लागलीय, पोरगी नर्सरीत आहे. तुम्हाला परवडतं चिडायला."

मी बाहेर आले. तो बरोबर बोलला होता आणि त्यामुळे मी आणखी चिडले.

ग्रॅहमच्या केबिनमध्ये मी दोन फ्रेमचा फोटो घेऊन गेले. त्याने तो मोठा करून पाहिला. ग्रॅहम वाईट माणूस नाही. त्याने स्वतः वीस वर्षं माझ्यासारखंच बेंचवर फिल्मचं काम केलं आहे. म्हणून तर जास्त राग येतो.

"इंटरेस्टिंग," तो म्हणाला. "पण यात वाक्य कुठे आहे? दोन शब्द आहेत."

"वाक्य शोधू. तोपर्यंत चुंबन काढ."

"व्हॅलेंटाइन डेला शो आहे. हॉल बुक झालाय, पियानोवाला ठरलाय, पोस्टर छापून आलंय. पोस्टरवर तोच किस आहे."

"पोस्टरवर?"

"वैशाली, क्लायंटला काय हवं ते क्लायंट ठरवतो."

"ठीक आहे. मग मी रिपोर्टमध्ये लिहिते."

प्रत्येक कामाचा एक रिपोर्ट असतो. फिल्म कशी आली, आम्ही काय काय केलं, काय नव्याने घातलं. पुढे कुणी अभ्यास करणार असेल तर तो या कागदावर विसंबतो. मी एक परिच्छेद लिहिला: शेवटच्या रिळातलं चुंबन मूळ फिल्ममधलं नाही, ते संगणकाने बनवलेलं आहे, त्या जागी मूळ पाटीच्या दोन फ्रेम आहेत. साधी चार वाक्यं.

दोन दिवसांनी फायनल रिपोर्ट सर्व्हरवर आला. खाली माझं नाव होतं. परिच्छेद नव्हता. त्या जागी लिहिलं होतं: 'अखेरच्या रिळात किरकोळ पुनर्रचना.'

मी ग्रॅहमच्या दारात उभी राहिले. आत गेले असते तर काही फेकलं असतं.

"माझ्या नावाखालचं वाक्य मी लिहिलेलं नाही."

"लँग्वेज टोन डाउन केली आहे, इतकंच."

"मग माझं नावही टोन डाउन कर. काढून टाक."

त्याने चष्मा काढला. "हे बघ. शुक्रवारी मिसेस हॅलम येताहेत. फिल्म त्यांची आहे, त्यांना शेवटचं रीळ दाखवायचं, फोटो काढायचे, चहा द्यायचा. ऑलिव्हर असेल. तूही ये. पण प्लीज, तिथे हा विषय नको. तू फार पॅशनेट होतेस."

पॅशनेट. एकोणीस वर्षांत मला ज्यांनी ज्यांनी पॅशनेट म्हटलं, त्यांना माझं म्हणणं ऐकायचं नव्हतं. इंग्लिश माणूस जोरात बोलला तर तो ठाम असतो. मी बोलले की पॅशनेट.

मी शुक्रवारी बोलायचं ठरवलं. कुणाला सांगितलं नाही. गुरुवारीच रीळ बाहेर काढून ठेवलं आणि शुक्रवारी सकाळी ते लाइट टेबलवर तयार ठेवलं.

मिसेस हॅलम ऐंशीच्या पुढच्या. मूळच्या जर्मन. तरुणपणी तिथे नेमणुकीवर असलेल्या इंग्लिश सैनिकाशी लग्न करून इकडे आल्या. नवरा पुढे सिनेमा थिएटरमध्ये प्रोजेक्शनिस्ट झाला. थिएटर बंद पडलं तेव्हा तळघरात हे पाच डबे निघाले. डब्यांवर जर्मन कंपनीचं लेबल होतं. तो ते बायकोसाठी घरी घेऊन आला. पण नायट्रेट घरी दाखवणं म्हणजे घराला आग लावणं, त्यामुळे फिल्म कधी लागलीच नाही. चाळीस वर्षं गॅरेजमध्ये पडून राहिली. नवरा गेल्यावर बाईंनी गॅरेज आवरलं आणि डबे बाहेर आले. ऑलिव्हरच्या कंपनीने त्यांच्याकडून फिल्म दाखवायचे हक्क घेतले आणि काम आमच्याकडे दिलं.

त्या आल्या, कोट काढला आणि पडद्याच्या अगदी जवळची खुर्ची ओढून घेतली. "मला ऐकू येत नाही," त्या म्हणाल्या. "कान गेले त्याला तीस वर्षं झाली. बोलायचं असेल तर माझ्यासमोर येऊन बोला, मी ओठ वाचते."

"काळजी नको," ऑलिव्हर त्यांच्यासमोर वाकून म्हणाला. "सायलेंट फिल्म आहे."

रीळ सुरू झालं. दाताचा डॉक्टर लग्नाला आलेला असतो, फुगून बसलेला, शेजारच्या बाईच्या कानात काहीतरी पुटपुटतो. मिसेस हॅलम खो खो हसल्या. आम्ही एकमेकांकडे पाहिलं. तिथे पाटी नव्हती.

"काय म्हणाला तो?" मी त्यांच्यासमोर जाऊन विचारलं.

"चारचौघांत सांगण्यासारखं नाही," त्या म्हणाल्या. "माझी बहीण ब्रेमेनला असते. व्हिडिओ कॉलवर मी तिचे ओठच वाचते. जर्मन शिव्या मला चांगल्या कळतात."

चार महिने मी ही फिल्म बघत होते आणि एकाही माणसाच्या ओठांकडे कान दिला नव्हता.

कचेरी आली. अधिकाऱ्याने वाचलं. नवरी वळून बोलली. मिसेस हॅलमची मान पुढे गेली. आज्ञेची पाटी आली, गेली. मग चुंबन. नवरी चुंबनाआधी काहीतरी बोलते, असं मंदारने बनवलं होतं, म्हणजे शॉट खरा वाटावा म्हणून.

"थांबवा," मिसेस हॅलम म्हणाल्या.

ऑलिव्हरने थांबवलं.

"मागे घ्या. आणखी. हं, इथून."

पुन्हा चाललं. पुन्हा थांबवायला लावलं. त्यांनी पडद्याकडे बोट केलं. "पाटीच्या आधी ही बाई बोलते आहे. पाटीनंतर ती बोलत नाही, नुसती चघळते आहे. तोंड हलतंय, शब्द नाहीत. ही दोन वेगळी माणसं आहेत का?"

मी तोंड उघडलं, तेवढ्यात ऑलिव्हर त्यांच्यासमोर जाऊन गुडघ्यावर बसला.

"मिसेस हॅलम, तिथे फिल्म खराब झाली होती. आम्ही थोडंसं एन्हान्स केलं."

"हे कुणी केलं?"

"टेक्निकल टीमने."

"टीमला नाव असेल ना?"

मी मंदारकडे पाहिलं नाही. शपथेवर सांगते, पाहिलं नाही. तो मागच्या भिंतीपाशी उभा होता. तिथून तो चालत पुढे आला आणि त्यांच्यासमोर उभा राहिला, त्यांना ओठ दिसतील असा.

"मी केलं," तो म्हणाला. "तिथे दोन फ्रेमवर अक्षरं होती. ती मी न बघता पुसली. मग किस बनवला. मला बनवायला सांगितलं होतं, पण बनवला मी."

"मंदार," ग्रॅहम म्हणाला.

"खरी फ्रेम शेजारच्या खोलीत आहे," मी मिसेस हॅलमना म्हटलं. "बघता का?"

ग्रॅहम दारात आला. अडवायला की नाही, हे त्यालाही ठरवता येत नव्हतं. मी त्याला म्हटलं, "बाजूला हो," आणि तो झाला. बेंचवरचा माणूस अजून थोडा शिल्लक असावा.

मिसेस हॅलमनी भिंगाला डोळा लावला. बराच वेळ लावून ठेवला. मग जर्मनमध्ये काही पुटपुटल्या आणि वर बघून म्हणाल्या, "एर्स्ट उंटरश्राइबेन. डान क्युसेन. ती तेच बोलते आहे. डिंकाखाली आहे ते मी पडद्यावर तिच्या तोंडून वाचलं. आधी सही कर, मग चुंबन."

मी त्यांना मोजा दाखवला. शाई दाखवली. त्या पुन्हा हसल्या, या वेळी डोळ्यांत पाणी येईपर्यंत. "लॉन्ड्री त्याच्या नावावर जाऊ नये म्हणून लिहून घेतलं असेल तिने. शहाणी आहे." मग हसू थांबलं. त्या ऑलिव्हरकडे वळल्या. "माझ्या नवऱ्याने हे डबे माझ्यासाठी आणले. आणि तुम्ही तिला सही न घेताच चुंबन द्यायला लावलंत. वर तिच्या तोंडी आज्ञा घातलीत."

"आज्ञेची पाटी आमची नाही, ती जुनीच आहे," ऑलिव्हर म्हणाला. ते खरं होतं.

"मग तुम्ही दोघं सारखेच," त्या म्हणाल्या. "मधे शंभर वर्षं गेली, एवढाच फरक."

ऑलिव्हरने काँट्रॅक्ट काढलं. त्यात 'एन्हान्समेंट'ला परवानगी होती. मिसेस हॅलमनी दुसरं कलम काढलं: डबे त्यांच्या मालकीचे, आणि हॉलमधल्या पहिल्या शोला त्यांची लेखी संमती हवी. ती त्या देणार नव्हत्या. चहा तसाच राहिला. फोटो काढले नाहीत.

शेवटी असं ठरलं. हॉलमधल्या शोमध्ये चुंबन नाही, आज्ञेची पाटी नाही. त्या दोन फ्रेम लांबवून पाच सेकंद पाटी म्हणून दाखवायच्या, खाली इंग्रजी अर्थ द्यायचा आणि मग काळ्या पडद्यावर एक ओळ: इथला भाग हरवला आहे. मोज्यावरचा डाग मंदारने स्वतः एकेक फ्रेम बघून परत आणला. रिपोर्टमध्ये माझी चार वाक्यं परत आली.

व्हॅलेंटाइन डेला हॉल भरला होता. 'आधी सही, मग चुंबन' आलं तेव्हा बायका आधी हसल्या, मग पुरुष हसले, आणि डागाळलेला मोजा दिसला तेव्हा सगळे मिळून. मिसेस हॅलमना हसणं ऐकू आलं नाही. त्या पडद्याकडे पाठ करून लोकांची तोंडं बघत होत्या.

इथे मला थांबायला आवडलं असतं. पण ऑनलाइन हक्क ऑलिव्हरच्या कंपनीकडेच होते, आणि तिथे काँट्रॅक्ट त्याच्या बाजूने होतं. आजही इंटरनेटवर फिल्म शोधलीत तर चुंबनवालीच सापडेल. खाली बारीक अक्षरात 'एन्हान्स्ड' लिहिलं आहे. चित्र म्हणून नऊ सेकंदांतलंच एक वापरलं आहे. खालच्या कमेंटमध्ये लोक लिहितात, त्या काळचं प्रेम किती निरागस होतं. मी दोनदा उत्तर लिहिलं. दोन्ही वेळा काढून टाकलं गेलं.

मंदारचं काँट्रॅक्ट त्या वर्षी रिन्यू झालं नाही. कारण दिलं 'रीस्ट्रक्चरिंग'. माझं काहीच झालं नाही, फक्त क्लायंट मीटिंगचं बोलावणं बंद झालं. किचनमधलं त्याचं म्हणणं अक्षरशः खरं ठरलं. मी त्याच्यासाठी सात ठिकाणी शब्द टाकला, त्यातल्या एकाचाही उपयोग झाला नाही. दोन महिने संपायला नऊ दिवस असताना त्याला बेसिंगस्टोकला एका आयटी कंपनीत नोकरी मिळाली, त्याची त्यानेच मिळवली. फिल्मचा काही संबंध नाही. पगार जास्त आहे, असं तो म्हणतो. मी त्याची माफी मागितली. "सोडा हो ताई," म्हणाला. मी अजून सोडलेलं नाही.

या सगळ्यातून मी एवढंच शिकले. जोड नुसता दाबून बघायचा नाही, भिंगाखाली दोन्ही बाजूंच्या पाच पाच फ्रेम बघायच्या, आणि हे झाल्याशिवाय रीळ स्कॅनरवर सोडायचं नाही. ग्रॅहम म्हणतो, त्यामुळे काम हळू होतं.

होतं.